शेवटच्या शॉटमधली केळी

धुळ्यात माझा लग्नाच्या शूटिंगचा स्टुडिओ आहे. अभिमन माझ्याच हाताखाली कॅमेरा धरायला शिकला आणि आता त्यानं शॉर्ट फिल्म केली. विषय भाऊबंदकीचा. एकानं सूड म्हणून दुसऱ्याची केळीची बाग रातोरात कापली, मग दुसऱ्यानं त्याची. कच्च्या कटवरच जळगावच्या महोत्सवात फिल्म निवडली गेली, पेपरात त्याचा फोटो आला. खोटं कशाला बोलू, माझ्या पोटात दुखलं.

फायनल एडिटिंगला मात्र तो माझ्याकडेच आला. "किरणभाऊ, तुमच्याशिवाय कुणाला सांगू?" म्हणाला आणि पेढे ठेवून गेला.

शेवटचा शॉट चोपड्याकडच्या कौतिकआबांचा. त्यांच्या आयुष्यात हे खरंच घडलेलं. आडव्या पडलेल्या केळींत उभे राहून ते म्हणतात, "मी बी त्यानी बाग कापी. काय भेटनं?" त्याची बाग कापून मला काय मिळालं, एवढंच. माझ्या अंगावर काटा आला. इतकी लग्नं शूट केली, पण असा एक शॉट मला कधी मिळाला नव्हता.

मी तो डिलीट केला. भर दुपारी, चहा पीत. फाईल खराब निघाली, असं अभिमनला सांगणार होतो.

चहा संपवून पाहिलं, तर शॉट जागेवर. आधीपेक्षा जरा लांब. आबांचं बोलून झाल्यावरही चित्र चालूच होतं. कापलेल्या बुंध्यांच्या मधोमध पांढरे कोंब वर आले होते. केळ कापली की ते येतातच. पण मूळ शॉटमध्ये ते नव्हते.

पुन्हा डिलीट केला. पुन्हा आला. कोंब आबांच्या कमरेला लागले होते.

नंतरच्या खेपेला आबांच्या मागे कुणीतरी पाठमोरं वाकून कोंब छाटत होतं. निळा चौकटीचा शर्ट, हातात विळा.

आबा थेट माझ्याकडे बघत होते.

"कापी ले, भाऊ."

मी कॉम्प्युटर बंद करून घरी आलो.

"हे काय लावून आलात?" मेघानं माझी बाही धरली. निळ्या चौकटींवर काळपट डाग. बायकोचं माहेर केळीच्या पट्ट्यातल्या रावेरचं, तिला कळणारच. "केळीचा चीक हा. जन्मात निघत नाही."

मी दिवसभर खुर्चीतून उठलो नव्हतो.

डाग होता तेवढी बाही कात्रीनं कापून कचऱ्यात टाकली.

शॉट ठेवूनच फिल्म पूर्ण करून दिली. अभिमनला पहिलं बक्षीस मिळालं. टाळ्या शेवटच्या शॉटलाच पडल्या.

शर्ट खुंटीवर आहे. बाही परत आली आहे, डागासकट. आज घालून पाहिला, तर बोटं झाकली गेली.