बिनकाट्याच्या वेलाची तक्रार

शनिवारी दुपारी ती नर्सरीत शिरली तेव्हा तिच्या हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेली हातभर फांदी होती आणि डोक्यात आठवडाभर घोळवलेलं भाषण. भाषण मालकासाठी होतं. पण मालक जागेवर नव्हता. हिरव्या जाळीखाली, मातीच्या ढिगाशेजारी एक उंच, सावळा माणूस पिशव्या भरत होता. मग भाषण त्याच्याच वाट्याला आलं.

"हे काय आहे ते सांगा," कागद सोडत तिने फांदी त्याच्यापुढे धरली.

"ब्लॅकबेरी."

"कसली ब्लॅकबेरी?"

त्याने फांदी हातात घेतली, फिरवून पाहिली. नखाएवढे, मागे वळलेले काटे अगदी दाटीवाटीने बसले होते. "काट्यांची," तो म्हणाला.

"आणि मला विकली ती बिनकाट्यांची म्हणून. पिशवीवर चिठ्ठी होती. मी ती जपून ठेवलीय. चांगल्या ठळक अक्षरात लिहिलंय... बिनकाटेरी."

चिठ्ठी जपून ठेवणं तिच्या रक्तातच होतं. गेली सहा वर्षं ती एका छापखान्यात औषधांच्या बाटल्यांवरची लेबलं तपासायची. एक शून्य इकडचं तिकडे झालं तर माणसाच्या जिवावर बेततं, हे तिला पहिल्याच आठवड्यात शिकवलं होतं. तेव्हापासून आत एक आणि वर दुसरंच लिहिलेली कुठलीही गोष्ट तिला सहन होत नसे. बाबा तिला 'ठिणगी' म्हणायचे, ते काही उगाच नाही.

"माझे वडील चित्रकला शिकवायचे," ती बोलतच राहिली. "दोन वर्षांपासून त्यांना नीट दिसत नाही. सगळं धुकं. दिवसभर नुसतं बसून राहायचं म्हणजे काय, तुम्हाला कळतंय का? ते म्हणाले, माझ्या हातांना काहीतरी काम दे. मी वाचलं होतं की पिकलेली ब्लॅकबेरी बोट लावताच सुटून येते आणि कच्ची अडून बसते. म्हणजे डोळ्यांची गरजच नाही. म्हणून मागच्या भिंतीला तारा बांधल्या, वेल लावला, वर्षभर पाणी घातलं. आणि त्यांच्या बोटात काटा मोडला. नखाखाली. त्यांना साखरेचा त्रास आहे. आठ दिवस त्यांनी बोट माझ्यापासून लपवलं. का, तर मी वेल उपटून टाकीन म्हणून. डॉक्टरांना नख काढावं लागलं."

ती थांबली. आता हा म्हणेल, आमची चूक नाही. त्याचं उत्तर तिच्याकडे तयार होतं.

"बोट आता कसं आहे?" त्याने विचारलं.

याचं उत्तर मात्र तयार नव्हतं. "बरं आहे," ती म्हणाली, आणि आपला आवाज एकदम मऊ आला म्हणून तिला आणखीच राग आला.

तेवढ्यात मालक आला. पांढराशुभ्र शर्ट, जिभेवर साखर. सगळं ऐकून घेऊन तो हसला. "ताई, झाड आहे ते. माती बदलली की झाडाचा स्वभाव बदलतो. तुम्ही खत जास्त घातलंत का?"

"चमचाभरही नाही."

"मग कमी पडलं असेल."

शेजारी दोन गिऱ्हाइकं कुंड्या निवडायचं सोडून ऐकत होती. ती त्या सावळ्या माणसाकडे वळली. "रोपं तुम्हीच तयार करता ना? मग तुम्ही सांगा. खत कमी पडलं की काटे येतात?"

त्याने तोंड उघडलं. मालकाकडे पाहिलं. मग मान खाली घातली आणि भरलेल्याच पिशवीत आणखी माती घालत राहिला.

ती घरी आली ती तणतणतच. "मालक लबाड आहे, ते ठीक आहे," ती बाबांना म्हणाली. "लबाड माणूस लबाडीच करणार. पण तो कलमवाला... त्याला सगळं ठाऊक आहे, बाबा. त्याच्या तोंडावर दिसत होतं. आणि तो गप्प बसला."

"मालकापेक्षा त्याचाच राग जास्त आलाय तुला," बाबा म्हणाले.

"येणारच. तो बरा माणूस वाटला होता."

चौथ्या दिवशी संध्याकाळी कलमवाला फाटकाशी उभा होता. सर नुकतीच येऊन गेली होती. त्याच्या केसांतून पाणी निथळत होतं. खांद्यावर फावडं, हातात रिकामं पोतं.

"मालकाने पाठवलं?" तिने फाटक न उघडता विचारलं.

"त्यांना माहीत नाही. वेल काढायला आलोय. आणि... त्या दिवशी बोलायला हवं होतं ते बोलायला."

"बोला."

"या जातीत बिनकाटेपणा नुसता वरच्या सालीत असतो. फांदीपासून रोप केलं तर ते तसंच राहतं. मुळाच्या तुकड्यापासून केलं, की आतले काटे वर येतात. त्या वर्षी फांद्या कमी होत्या आणि मागणी भरपूर. मालक म्हणाले, मुळं आहेत की. मी त्यांना सांगितलं होतं."

"सांगितलंत, आणि तरी रोपं केलीत."

"केली."

"आणि शनिवारी तोंड उघडून मिटलंत. का?"

"नोकरी जाईल म्हणून."

एखादी लंगडी सबब ऐकायची तिने तयारी ठेवली होती. या सरळ उत्तराने ती जरा गडबडली, पण राग काही उतरला नाही. "मग हे मला एकटीला सांगून काय उपयोग? तिथे जे उभे होते त्यांना सांगायचं होतं. ही रोपं आणखी किती घरी गेलीत?"

"एकतीस. मीच पोचवायचो. घरं माहीत आहेत."

"मग एकतीस घरी जा आणि सांगा."

"जाणार आहे," तो म्हणाला. "हे पहिलं."

तिने फाटक उघडलं.

वेल उपटणं हे अर्ध्या तासाचं काम असेल असं तिला वाटलं होतं. तो म्हणाला, बोटभर मूळ जरी मातीत राहिलं तरी पुन्हा फुटवा येईल, आणि तोही काट्यांचा. म्हणून भिंतीलगतची सगळी माती खणून चाळायची ठरली. चार शनिवार गेले त्यात. तो चाळणी हलवायचा आणि ती समोर उकिडवी बसून मुळांचे तुकडे वेचायची. लक्ष ठेवायला बसते, असं तिने बाबांना सांगितलं होतं. बाबा दारातल्या खुर्चीत बसून "हो का" एवढंच म्हणाले.

"तुम्ही मातीकडे बघा," एकदा ती म्हणाली.

"मातीकडेच बघतोय."

"माझ्या हाताकडे बघताय."

"तुमच्या हाताला मूळ चिकटलंय."

तिने पाहिलं. मनगटाजवळ खरंच एक पांढरं, दोऱ्यासारखं मूळ होतं. त्याने ते दोन बोटांनी अलगद उचललं... जरा जास्तच अलगद. एवढ्या वेळात अख्खी चाळणी भरून झाली असती, असं तिला वाटलं. पण हे तिने बोलून दाखवलं नाही, आणि न बोलणं हा काही तिचा स्वभाव नव्हता.

उरलेल्या तीस घरांना तीही त्याच्याबरोबर निघाली. "तुम्ही एकटे गेलात तर तिथेही माती भरत बसाल," ती म्हणाली. कामावरून सुटल्यावर रोज एक-दोन घरं व्हायची. पहिल्या घरी त्याची जीभ टाळूला चिकटली आणि सगळं तिनेच सांगितलं. एका घरी दार तोंडावर आपटलं गेलं. एका घरच्या आजोबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "राहू द्या, काटेच बरे. शेजारचं मांजर येत नाही." रस्त्यावर येईपर्यंत दोघांनी कसंबसं हसू दाबलं, आणि मग कोपऱ्यावर भिंतीला टेकून पोट धरधरून हसले.

विसाव्या घरी तिला बोलावंच लागलं नाही. तो उंबऱ्यात सरळ उभा राहिला आणि म्हणाला, "तुम्हाला दिलेलं रोप खोटं होतं. ते मी केलं होतं." ती एका बाजूला उभी राहून ऐकत राहिली. त्याचा आवाज इतका खोल आहे, हे आजवर आपल्या लक्षात कसं आलं नाही, याचं तिला नवल वाटलं.

दुसऱ्याच दिवशी मालकाला हे कळलं आणि त्याने कलमवाल्याला कामावरून काढून टाकलं.

"खोटं बोलणाऱ्याचं दुकान चालू आणि खरं बोलणारा घरी," ती तणतणली. तिने छापखान्यातून अर्ध्या दिवसाची रजा घेतली, आधी भेट दिलेल्या घरांना पुन्हा फोन केले, आणि चौदा माणसं आपापल्या काटेरी फांद्या घेऊन एकाच सकाळी नर्सरीच्या दारात उभी राहिली. मालकाच्या जिभेवरची साखर विरघळून गेली. फांदीपासून केलेली रोपं बदलून देतो, असं त्याला लिहून द्यावं लागलं. ते लिहिलेलं तिने शब्दन् शब्द तपासून घेतलं. कलमवाल्याची नोकरी मात्र परत मिळाली नाही. त्याला ती नकोच होती.

उरलेली घरं संपली त्या रविवारी सकाळी तो तिच्याकडे नवं रोप घेऊन आला. त्याच्या खोलीमागे एक जुना वेल होता. त्याच्या फांदीचा शेंडा मातीत दाबून, मुळं फुटल्यावर वेगळं केलेलं हे रोप. बाबांनी कोवळ्या फांदीवरून बोट फिरवलं, खालून वर, वरून खाली. कुठे काही टोचलं नाही.

"या वर्षी फांदी नुसती वाढेल," माती दाबत तो तिला सांगत होता. "कापू नका. फळ पुढच्या वर्षी येईल, त्याच फांदीला. फळ घेऊन झालं की मग ती तळातून छाटायची."

"छाटायला तुम्ही असालच ना."

तो माती दाबतच राहिला. "मला एक काम मिळालंय. मोठी फळबाग आहे. इथून दोन दिवसांचा प्रवास... उद्या निघायचंय."

ती हातातली पाण्याची झारी घेऊन तशीच उभी राहिली. "कधी ठरलं हे?"

"दहा दिवस झाले."

"दहा दिवस." झारी खाली आपटली. "दहा दिवसांत आपण अकरा घरं फिरलो. येता-जाता अख्खी गल्ली आपल्याला ओळखायला लागली. त्यात एकदाही सांगावंसं वाटलं नाही? की गाडीतून हात हलवताना सांगणार होतास? तुझ्या या गप्प बसण्याला काय औषध द्यावं तेच मला कळत नाही."

'तुम्ही' कधी गळून पडलं ते तिलाही कळलं नाही. त्याला मात्र कळलं. तो उठला. हात पँटला पुसले. तिच्याकडे पाहिलं आणि तोंड उघडलं... आणि तिला वाटलं, आता पुन्हा मान खाली जाणार.

तो वळला आणि सरळ दाराकडे चालत गेला. खुर्चीत बाबा डोळे मिटून झोपल्यासारखे बसले होते.

"बाबा," तो म्हणाला, चांगल्या खणखणीत आवाजात, "माझं तुमच्या मुलीवर प्रेम आहे. मला तिच्याशी लग्न करायचंय."

"मला काय सांगतोस?" बाबांनी डोळेसुद्धा उघडले नाहीत. "मला दिसत नाही फक्त. ऐकू सगळं येतं."

ती तरातरा तिथे येऊन पोचली. कान लाल झाले होते. "हे मला सांगायचं होतं. माझी गोष्ट, आणि ती आधी माझ्या वडिलांना?"

"तुझ्यासमोर बोलायची धास्ती वाटते."

"आणि त्यांच्यासमोर नाही?"

"ते इतकं बारकाईने तपासत नाहीत."

बाबांना खोकला आला. बराच वेळ आला. मग ते भिंतीला हात लावत आत निघून गेले.

दारात दोघंच उरली. "आता मला सांग," ती म्हणाली. आवाजात जरब आणायचा प्रयत्न फसला.

त्याने सांगितलं. हळू, अडखळत, मध्येच थांबत. त्या पहिल्या शनिवारी ती ओरडत होती आणि आपल्याला तिथून हलावंसं वाटत नव्हतं, हेही सांगितलं. ती ऐकत होती आणि एका हाताने दाराची कडी उगाचच वर-खाली करत होती.

"मी काम सोडतो," शेवटी तो म्हणाला. "तू म्हणालीस तर नाही जात."

"मी कशाला म्हणू? म्हणजे जन्मभर मला ऐकवायला मोकळा. किती दिवसांचं काम आहे?"

"एका बहराचं. नऊ महिने."

"मग जा. पण रोज फोन करायचा. एक दिवस जरी गप्प बसलास, तर दोन दिवसांचा प्रवास करून भांडायला येईन."

"मग पोचल्या पोचल्या गप्प बसतो," तो म्हणाला.

ती रागावली. निदान तसा प्रयत्न तिने केला. पण ओठांचे कोपरे ऐकेनात.

तो निघाला. पोचल्यावर फोन आला, दुसऱ्या दिवशी आला, तिसऱ्या दिवशीही आला. चौथ्या दिवशी आला नाही. रात्रीचं जेवण तिला गेलं नाही. सकाळी तिने बॅग भरायला घेतली तेव्हा आत्या आधीच दारात हजर होती. बाबांनीच तिला परस्पर बोलावून घेतलं होतं. "जा," बाबा म्हणाले. "इथे धुमसत बसण्यापेक्षा तिथे जाऊन भांड."

तिसऱ्या दिवशी दुपारी ती फळबागेच्या फाटकाशी उतरली. अंगाला प्रवासाची धूळ, केस विस्कटलेले. तो फाटकातच उभा होता, अगदी इस्त्रीचा शर्ट घालून. म्हणजे वाटच बघत होता.

"फोन का नाही केलास?" बॅग खाली ठेवण्याआधीच तिने विचारलं.

"तू खरंच येतेस का ते बघायचं होतं."

मग मात्र तिने पाव तास त्याला खडसावलं. माणसाच्या काळजाची काही पर्वा आहे की नाही, घरी आंधळे बाबा, छापखान्यात साठलेली लेबलं, गाडीतली ती खिडकीची मोडकी काच... एकही गोष्ट सोडली नाही. येणारे-जाणारे मजूर थांबून बघत होते. तो मान हलवत सगळं ऐकत होता, आणि त्या सगळ्या वेळात तिचा हात त्याच्या हातात होता. तिने तो सोडवून घेतला नाही.