फुसाएच्या किमोनोची उजवी बाजू

ही गोष्ट घडलेली आहे.

जागेचं नाव ऐकलं की लोक आधी हसतात, म्हणून जागा सुरुवातीलाच सांगून टाकलेली बरी. काय हसायचं ते आत्ताच हसून घ्या.

जपानात इझूच्या समुद्रकाठी युनोसे नावाचं गरम पाण्याच्या झऱ्यांचं गाव आहे. गावच्या चढावर एक 'हिहोकान' होतं, म्हणजे गुप्त खजिन्याचं घर. अठरा वर्षांखालच्यांना प्रवेश नाही, आणि त्यावरच्यांना आत गेल्याचं कबूल करायची सोय नाही. आत शृंगाराची जुनी चित्रं. पीक चांगलं यावं म्हणून खेड्यापाड्यांत पुजली जायची ती लाकडी लिंगं. देवमाशाचं एक इंद्रिय, जे बघून मोठमोठ्याने हसणारे पुरुष एकदम गप्प व्हायचे. आणि मेणाच्या बायका.

जानेवारीतला शेवटचा बुधवार. दिवेलागणीची वेळ.

पण दिवे नव्हते. वीज दुपारीच तोडली होती. सहलीच्या बसगाड्या यायच्या बंद झाल्या, त्याला जमाना लोटला होता. इमारत विकली गेली होती आणि सकाळी पाडकाम सुरू होणार होतं.

मालक जोकिची मोरोझुमी वरच्याच मजल्यावर राहायचे. त्यांना न्यायला त्यांची मुलगी किनुए नागोयाहून आली होती.

जोकिची हलायला तयार नव्हते.

"बाबा, उद्या छप्पर पडेल डोक्यावर."

"पडू दे. फुसाए आली तर निदान ढिगाऱ्यात तरी सापडेन तिला. तुझ्या सातव्या मजल्यावर कुठे शोधेल ती?"

फुसाए म्हणजे किनुएची आई.

किनुए शाळेत होती तेव्हाची गोष्ट. फुसाए खडकांवरचं शेवाळ खरवडायला गेली होती. गावातल्या सगळ्याच बायका जातात. ते थंडीतच चांगलं लागतं, आणि थंडीतच समुद्र वाईट असतो.

लाट आली.

टोपली सापडली. फुसाए सापडली नाही.

जोकिचींनी अंत्यविधी केलाच नाही. "देह दाखवा, मग करतो," म्हणाले. गावाने देह दाखवला नाही. तेव्हापासून त्यांच्या घराचं दार कधी आतून लागलं नाही.

किनुए मात्र दर भेटीत एकच सांगायची.

"आई गेली, बाबा. मान्य करा."

आता त्या मेणाच्या बाईबद्दल.

न्हाणीघरातून बाहेर पडणारी एक बाई हवी म्हणून जोकिचींनी ओसाकाहून कारागीर बोलावला होता. त्याला समोर बसवायला बाई मिळेना. शेवटी फुसाएच बसली. चेहरा तिचा, बाकी सगळं कारागिराच्या मनातलं.

"मान माझी आहे," फुसाए येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची. "मानेखालची बाई कोण, ते आमच्या ह्यांना विचारा."

तिनेच आपला निळा किमोनो त्या पुतळ्याला नेसवला. पुढे एक चाक होतं. ते फिरवलं की खालचा पंखा सुरू व्हायचा, किमोनोचा काठ उडायचा आणि सहलीला आलेले कारकून टाळ्या वाजवायचे. सगळ्यांत जोरात फुसाए हसायची.

ती गेल्यावर जोकिचींनी पंखा काढून टाकला. पुतळा आतल्या खोलीत काचेच्या कपाटात ठेवला, कुलूप लावलं. रोज सकाळी ते तिचा किमोनो सारखा करायचे.

त्या शेवटच्या दिवशी त्यांना गाठ जमेना. किनुए म्हणाली, "सरका, मी करते."

तिने समोर उभं राहून नेसवलं आणि चुकली. आपल्या अंगावर आपण बरोबर नेसतो. दुसऱ्याला समोरून नेसवताना बाजू उलट होते.

"अगं ए!" जोकिची ओरडले. "उजवी वर घेतलीस? जिवंत बाईला प्रेतासारखं नेसवतेस?"

किमोनोची डावी बाजू वर असते. उजवी वर घेतात ती फक्त मेलेल्या माणसाची, पेटीत ठेवण्याआधी. तिथल्या लहान मुलांनाही हे ठाऊक असतं.

"चुकलं, बाबा." किनुएने गाठ सोडली आणि पुन्हा नीट नेसवलं. डावी वर.

जोकिचींनी कुलूप लावलं. किल्ली स्वतःच्या कमरपट्ट्यात खोचली.

एवढ्यात देवळातले ऱ्योकाई गुरुजी आले. चेहरा असलेल्या बाहुलीत जीव शिरतो असं मानतात. म्हणून ती टाकण्याआधी मंत्र म्हणून तो जीव काढून घ्यायचा. मग ते नुसतं मेण.

गुरुजींनी दारातच चपला काढल्या आणि आत नजर टाकली.

"लहानपणापासून इथे यायची इच्छा होती," ते म्हणाले. "आलो, तेही कामासाठी."

"वडील पाठवायचे नाहीत?" किनुएने विचारलं.

"वडील इथेच असायचे. म्हणून मला येता यायचं नाही."

जोकिचीसुद्धा हसले. मग एकदम गंभीर झाले.

"बाकी सगळ्यांचं करा, गुरुजी. काचेतलीचं नाही. तिच्यातला जीव काढायचा नाही."

गुरुजींनी किनुएकडे पाहिलं. किनुएने मान खाली घातली.

बाहेरच्या दालनात मेणबत्त्या लागल्या. मेणाच्या बायका ओळीने उभ्या केल्या होत्या. कोणी अर्धी नेसलेली, कोणी तेवढीही नाही. गुरुजी डोळे मिटून मंत्र म्हणत होते. त्यामागे भक्ती होती की शिष्टाचार, सांगणं कठीण. किनुए आणि जोकिची त्यांच्या मागे बसले होते.

तिघेही एकाच दालनात. आत कोणीच नाही.

आणि आतून आवाज आला...

टप.

किनुएला वाटलं, छत गळतंय. पण पाऊस नव्हता. पाणीही दुपारीच बंद केलं होतं.

टप... टप...

मंत्र संपला. जोकिची मेणबत्ती घेऊन आत गेले, आणि तिथूनच त्यांची हाक आली.

"किनुए!"

कपाट बंद होतं. कुलूप जागेवर होतं.

किमोनोची उजवी बाजू वर होती.

"लाज नाही वाटत?" त्यांचा आवाज फाटला. "मला इथून हलवायला आईला मारतेस?"

"मी तुमच्या शेजारी बसले होते, बाबा! किल्ली कोणाच्या कमरेला आहे?"

जोकिचींनी कमरपट्टा चाचपला. किल्ली होती.

त्यांनी स्वतः कपाट उघडलं. डावी बाजू वर घेतली. गाठ मारली. कुलूप लावलं.

"आता बघू," ते म्हणाले.

तिघेही काचेसमोर उभे राहिले. गुरुजींना आता काही विनोद सुचत नव्हता.

बराच वेळ काहीच झालं नाही.

मग काचेवर आतून धुकं धरलं...

शेवाळाचा वास आला. ओल्या, खाऱ्या, ताज्या शेवाळाचा.

किमोनोच्या काठावरून एक थेंब खाली पडला.

टप.

आणि वरची बाजू हलली...

हळूच. अंधारात, कोणाची झोप मोडू नये म्हणून सावकाश कपडे करणारी बाई करते तसं. डावी बाजू आत गेली. उजवी वर आली. कोणीतरी छातीवरची चुणी हाताने सपाट केली.

हात दिसला नाही. चुणी गेलेली दिसली.

गुरुजींच्या हातातली जपमाळ वाजत होती.

जोकिची काचेला कपाळ लावून उभे राहिले.

"फुसाए," ते अगदी हलक्या आवाजात म्हणाले, "पाणी फार गार होतं का गं?"

उत्तर आलं नाही.

त्यांनी मान डोलावली. उत्तर आलं असावं तशी.

"गुरुजी, हिचंही करा," ते म्हणाले. "आणि मेल्यावर देतात ते नाव द्या हिला. चांगलं द्या. हसरी होती."

जोकिचींनी कपाट उघडलं आणि गुरुजींनी मंत्र म्हटला. आवाज कापत होता, पण एकही अक्षर गाळलं नाही. शेवटी त्यांनी नाव दिलं. जोकिचींनी ते दोनदा उच्चारून पाहिलं आणि ते वर गेले. खाली आले ते बॅग घेऊन.

"चल," ते किनुएला म्हणाले. "गाडी चुकेल."

इतक्या वर्षांचा हट्ट, आणि निघताना मागे वळूनही पाहिलं नाही. गुरुजींचा हात धरून ते उतार उतरू लागले.

"मेणबत्त्या विझवून येते," किनुए म्हणाली.

ती आत आली. कपाट उघडंच होतं.

तिने मेणबत्त्या विझवल्या नाहीत. ती पुतळ्यासमोर उभी राहिली.

"आई," ती म्हणाली, "तू गेलीस असं मी म्हणायचे ते बाबांसाठी म्हणायचे गं. मला कुठे खरं वाटत होतं?"

आणि तिने दोन्ही हातांनी किमोनोची उजवी बाजू धरली. ती खाली घ्यायला. डावी पुन्हा वर आणायला.

कापड हलेना.

तिने ओढलं. आतून कोणीतरी ते धरून ठेवलं होतं.

"सोड ना," किनुए रडत म्हणाली. "एकदाच. सोड."

मग तिच्या बोटांवर बोटं आली...

मेणाची नव्हती. मऊ होती. फार वेळ पाण्यात राहिल्यावर सुरकुततात तशी सुरकुतलेली. त्या बोटांनी तिचं एकेक बोट कापडावरून सोडवलं. आधी करंगळी, मग शेजारचं. शाळेच्या फाटकाशी बाही धरून रडणाऱ्या किनुएला फुसाए असंच सोडवायची. न रागावता.

किनुए बाहेर कशी आली, तिला आठवत नाही.

काही दिवसांनी तिने नागोयाहून देवळात फोन केला.

"गुरुजी, मंत्र म्हटल्यावर आत काही उरतं?"

"काही नाही. मेण."

मग तिने सगळं सांगितलं.

"हे जोकिचीसानना सांगू नका," गुरुजी म्हणाले.

"का?"

"ते पुन्हा वाट बघायला लागतील."

किनुएने त्यांना सांगितलेलं नाही. आजपर्यंत नाही.

जोकिची आता रात्री गाढ झोपतात. फुसाएचं नवं नाव लिहिलेली पाटी त्यांच्या उशाशी असते. सकाळी तिच्यासमोर भात ठेवतात आणि तिला गमतीजमती सांगतात.

ते झोपले की किनुए उठते. सातव्या मजल्यावरच्या त्या घराच्या दाराशी जाते...

आणि आतली कडी काढून ठेवते.