सरका

त्या दुपारी आम्ही जव्हारजवळच्या जामसरला निघालो, ते फक्त धोंडीबाईंना त्यांचा लघुपट दाखवायला. मंगेश माझा जुना विद्यार्थी. नऊ मिनिटांचा लघुपट त्यानं केला होता. एक खोली, एक बाई, चुलीवर नागलीची भाकरी. संवाद नाहीत, संगीत नाही. "सर, काढता येईल ते काढायचं. उरेल ते पात्र," असं तो म्हणे. मी चाळीस वर्षं व्याकरण शिकवलं. मला ते पटलं. माझ्या पटण्यावर किती भरवसा ठेवायचा, ते तुम्हीच ठरवा.

घरात धुराचा, शेणानं सारवल्याचा वास होता. लॅपटॉपवर धोंडीबाई एकट्याच भाकरी थापत होत्या. संपल्यावर त्यांनी विचारलं, "तानी कुठंय?"

तानी त्यांची मुलगी. दोन वर्षांपूर्वी, शूटिंगच्या आधीच, वीटभट्टीवर वारली.

"आजी... ती शूटिंगला कुठे होती?" मंगेश म्हणाला.

"नव्हती? चुलीपाशी बसलेली. तूच तिला सरका म्हणालास!"

मला आठवलं. शूटिंगच्या पहिल्या दिवशी भिंतीवर एक सावली येत होती. कॅमेऱ्यामागून मंगेश म्हणाला होता, "जरा सरका." आदरार्थी, म्हणजे मलाच, असं समजून मी सरकलो होतो. पण मी तर बाहेर अंगणात होतो, माझी सावली आत पडणं शक्यच नव्हतं... आणि तरी आतली सावली हलली होती. ते शॉट पुसून टाक, पात्र एकच हवं, हे मंगेशला मीच सांगितलं.

"जन्मात तिला कुणी सरका नाय म्हणला. ऊठ, चल, सरक... भट्टीवर तेवढंच. तू मान दिलास म्हून पोर लाजली, बसली तुझ्यासाठी. आधार कार्डावर तिचा फोटू म्हंजी नुस्ता काळा डाग हाय. तुमच्या पिच्चरमंदी तेवढी होती, ती बी पुसली! शिकलीसवरली माणसं! हातात नुस्ता खोडरबर!"

"आजी, मला वाटलं..."

"तिला काढली ना? आता मना, या म्हातारीला बी काढा." त्यांनी पाठ फिरवली.

जव्हारला एसटी डेपोच्या बाकावर मंगेशनं लॅपटॉप उघडला. लघुपटात चूल पेटलेली होती. तव्यावरची भाकरी आपोआप उलटत होती. खोलीत कुणीच नव्हतं.

"सर, तुम्ही म्हणालात पुसून टाक!" तो ओरडला. मला स्वतःचाच संताप आला.

आठव्या मिनिटाला एका तरुण मुलीचा आवाज आला.

"सरक."

निदान व्याकरणात तरी मी चुकत नाही. रूप एकेरी होतं.

मी सरकलो. उठताना पाहिलं, तर माझ्या आणि मंगेशच्या मधल्या जागेवर विटांची लाल भुकटी सांडलेली होती.