मितोच्या माणसाने नत्तो सोडलं

सरकतं दार उघडलं आणि माणसाच्या आधी बर्फच आत आला. मागून माणूस. अंगात नगरपालिकेचं नारिंगी जाकीट, हातात थर्मास, आणि चेहऱ्यावर तक्रार.

"तुमचा कोजी खराब आहे," तो म्हणाला.

सायोने मान वर केली. बुरशी धरवलेला हा तांदूळ, कोजी, तिचं घराणं योकोते गावात कित्येक पिढ्या विकत होतं. खराब म्हणणारा हा पहिलाच.

"असं? दाखवा."

थर्मासमधलं आमाझाके, कोजीचं पेय, तिने चमचाभर चाखलं. गोड, दाट, दुधाळ व्हायला हवं होतं ते... इतकं आंबट होतं की तिचा एक डोळा आपोआप मिटला.

"डोळा मारलात?"

"मी नाही, तुमच्या आमाझाकेने मारायला लावला. कुठे ठेवलं होतं हे?"

"गाडीत, हीटरपाशी. मी बर्फ काढायची गाडी चालवतो. नेमोतो... शुहेई नेमोतो. मितोहून आलोय. आमच्याकडे बर्फ म्हणजे फ्रीजमधला."

हसू येत होतं, पण सायोने ते आवरलं. "गाडी बंद केली की भांडं गार पडतं, मग आंबणारच. घरी करा. भाताची पेज शिजवा, बोट क्षणभर टिकेल इतकी निवू द्या, मग कोजी चुरून घाला. पेज फार कढत असली तर कोजी मरतो. भांडं रजईत गुंडाळून ऊब धरा. साखर घालायची नाही, गोडी तांदूळच सोडतो."

"बोट टिकेल म्हणजे... किती अंश?"

सायोचा हात थांबला. गेल्या हिवाळ्यात असाच एक गोडबोल्या येत असे. किती अंश, किती वेळ, कोजीची खोली कशी तापवता? बाबांनी भोळेपणाने सगळं सांगितलं. वसंतात स्टेशनसमोर नवं दुकान उघडलं. तसाच कोजी, पुडा बांधायची रीतही तीच. निम्मी गिऱ्हाइकं तिकडे गेली. आणखी एक असा भेटला तर दुकानाला टाळंच लावायचं, असं बाबा परवाच बोलले होते.

"बोटालाच विचारा," ती तुटकपणे म्हणाली.

पण तो येत राहिला. कधी पाणचट, कधी करपट आमाझाके घेऊन. इतकं सोपं काम कुणाला इतक्या वेळा बिघडवता येईल? मुद्दाम बिघडवत असेल तरच... आणि तरीही, रस्त्यावर बर्फगाडीची घरघर ऐकली की सायो उगाचच केसांवरून हात फिरवायची. मग स्वतःवरच चिडायची.

एकदा त्याने विचारलं, "कोजीची खोली आतून बघता येईल?"

"नाही."

त्याच आठवड्यात किराणावाल्या हारुएमावशींनी तिला थांबवलं. "अगं, तुझा तो गाडीवाला! मितोचा माणूस, आणि नत्तोला हात लावत नाही. फुकट दिलं, तर हात जोडून परत केलं."

मितोची माणसं त्या चिकट, तार सुटणाऱ्या सोयाबीनवरच वाढतात. गावात नत्तो वर्ज्य फक्त कोजीवाल्यांना. त्याचे जंतू खोलीत शिरले की सगळा कोजी बुळबुळीत होऊन जातो. म्हणजे हा कुठेतरी कोजी करतोय!

पुढच्या वेळी तिने थर्मास हातातही घेतला नाही.

"कुठल्या दुकानाचे तुम्ही?"

"मी? नगरपालिकेचा."

"थट्टा पुरे. नत्तो का सोडलंत?"

त्याचे कान लाल झाले. "तुमच्या बाबांनी सांगितलं होतं... नत्तो खाणाऱ्याने गल्ल्यापलीकडे पाऊल टाकायचं नाही."

"मग?"

"तुम्ही कायम गल्ल्यापलीकडेच असता."

छपरावरून बर्फाचा ढीग घसरून धप्पकन पडला. सायोचा हात केसांवरून फिरला. पण संशय इतक्यात थोडाच सोडतो!

"आणि ते अंश?"

"पहाटेपासून बर्फात काम. बोटं बधिर असतात. कढत काय नि कोमट काय, सारखंच लागतं. बोटाला विचारायचं तर बोट बोलतच नाही."

"हात दाखवा."

त्याने हातमोजे काढले. बोटं लाकडासारखी गार, सांध्यांवर चिरलेली. तपासायला लागतो त्यापेक्षा जास्तच वेळ ती बोटं तिच्या हातात राहिली.

"आता कळतंय का काही?"

"थोडं थोडं... अजून जरा धरा."

"खोली मात्र दिसणार नाही," ती घाईने म्हणाली. "ती फक्त घरच्यांना."

"घरचं होता येतं का?"

सायो खाली बघत हळूच म्हणाली, "घरच्यांना नत्तो कायमचं बंद असतं. आजच्यापुरतं नाही... जन्मभर."

त्याच्या कपाळावर आठी आली.

"नव्या वर्षालासुद्धा?"

"नव्या वर्षालासुद्धा."

"आईकडे मितोला गेलो तरी?"

"तरीही."

त्याने पोटातून असा काही उसासा सोडला, जणू घरदारच सोडून चाललाय. "...चालेल."

लबाड माणूस पटकन हो म्हणाला असता. सायोने गल्ल्याची फळी वर उचलली.

"या," ती म्हणाली. "पेज निवत आलीय."