खिंडीत न घेतलेलं नाव

ही गोष्ट खरी आहे.

रात्रीची नाही, भर दुपारची आहे, म्हणून कुणी हलक्यात घेऊ नये. भुतं घड्याळ बघून निघत असती, तर बायकांनी दुपारची झोप तरी निर्धास्त घेतली असती.

दिवस दसऱ्यानंतरच्या रविवारचा. जागा अकोले तालुक्यात, पार सह्याद्रीच्या माथ्याला टेकलेली उंबरमाळ नावाची वाडी. तिथे गाडी जात नाही. पायथ्याच्या गावातून वाटाड्या घ्यायचा, चढायचं, एक खिंड ओलांडायची, वाडीत चुलीवरचं जेवायचं आणि उजेड आहे तोवर खाली उतरायचं. हल्ली मोबाईलवर अशा सहलींच्या जाहिराती येतात.

अशाच एका जाहिरातीवरून स्नेहलने आपल्या आईला, म्हणजे केडगावच्या सविता शेटेला, तिथे नेलं होतं.

सविताला डोंगराची हौस अजिबात नव्हती. हौस होती तिच्या नवऱ्याला. भिंगारच्या लष्करी डेपोत कारकुनी करता करता त्यांनी कुणाकडून तरी उंबरमाळचं वर्णन ऐकलं होतं. तेव्हापासून एकच धोशा. रिटायर झालो की पहिलं उंबरमाळ. मग काशी, मग काय ते रामेश्वर.

रिटायर व्हायच्या आधीच, एका साध्या मंगळवारी, चहा पिता पिता गेले.

वर्षश्राद्ध झालं. तरी सविता रोज चहाला दोन कप आधण ठेवायची आणि मग दोन्ही कप स्वतःच प्यायची. डॉक्टरांनी चहा कमी करा म्हटलं, तर म्हणाली, माझा एकच असतो, दुसरा त्यांचा असतो. स्नेहलने तेव्हाच ठरवलं, हिला जरा हलवायला हवं.

आता एक गोष्ट सांगायलाच हवी. सविता नवऱ्याचं नाव घेत नसे.

माहेर नेवाशाकडचं, जुन्या वळणाचं. लग्नात उखाण्यातून घेतलं असेल तेवढंच. एरवी 'अहो', 'हे', 'स्नेहलचे पप्पा'. नवऱ्याचं नाव गोरक्षनाथ. नगरजवळ त्याच नावाचा गड आहे, तर सविता त्याला आयुष्यभर 'तो वरचा डोंगर' म्हणत आली. बँकेत कुणी नाव विचारलं की ती मुलीकडे बघायची.

स्नेहल चिडवायची. मम्मी, एकविसावं शतक चालू आहे.

चालू दे की, सविता म्हणायची, मी कुठे अडवलंय.

तर, सकाळी पायथ्याला पुंजाराम भेटला. चाळिशीचा वाटाड्या, बोलका. सविताची जाडजूड पिशवी बघून म्हणाला, ताई, राहायला चाललाय काय? पिशवी त्याने खांद्याला मारली आणि निघाला.

चढ संपत आला तसं धुकं उतरलं.

आणि खिंड आली.

दोन कड्यांच्या मध्ये जेमतेम बैलाएवढी वाट. कडेला एक बुटका दगड. त्याच्यापुढे झाडाच्या डहाळ्यांचा हा एवढा ढीग. खालच्या वाळून काळ्या पडलेल्या, वरच्या हिरव्या.

पुंजारामने तिथली रीत सांगितली. खिंड ओलांडणाऱ्याने एक डहाळी ठेवायची आणि आपलं नाव मोठ्याने घ्यायचं. येताना परत नाव सांगून खाली उतरायचं. धुक्यात, पावसात या खिंडीत फार माणसं गेलेली. ती इथेच बसून असतात. कोण वर गेलं, कोण खाली आलं, हे त्यांना कळलेलं बरं.

स्नेहलने हसत डहाळी ठेवली, नाव घेतलं, वाटेचा फोटो काढला. सविताने ठेवली. सविता शेटे, केडगाव, असा पत्ताही सांगितला. पुंजाराम आणि स्नेहल पुढे निघाले.

सविता मागे रेंगाळली.

तिच्या मनात आलं, इतकी वर्षं ज्या माणसाने या जागेचा जप केला, तो बाहेर राहिला आणि आपण आत चाललो. हे काही बरं नाही. तिने अजून एक डहाळी मोडली. ढिगावर ठेवली.

नाव घ्यायला तोंड उघडलं...

आणि जीभ उठेना. इतक्या वर्षांची सवय ती.

शेवटी ती हळूच म्हणाली, "हेपण आलेत बरं का माझ्यासोबत."

खिंडीतला वारा थांबला.

एकदम थांबला. कुणी ऐकायला लागल्यासारखा.

सविता भराभर चालायला लागली.

थोड्या वेळाने तिला मागे पावलं ऐकू आली. सावकाश टाकलेली. ती थांबली की... थांबायची. ती निघाली की निघायची.

वळून पाहिलं तर फक्त धुकं.

खरं तर तिने ओरडायला हवं होतं. ती ओरडली नाही. उलट तिने चाल कमी केली. त्यांना चढावर दम लागायचा.

"सावकाश या," ती मागे न बघता पुटपुटली. "पोरगी धावतेय, तिला धावू दे."

उंबरमाळ आली. मोजकी घरं, कारवीच्या काड्यांच्या सारवलेल्या भिंती, अंगणात पसरलेली नाचणी. जेवण कडूबाईंकडे होतं. साठीच्या पलीकडची, काटक, तोंडाने फटकळ बाई. पायऱ्या चढताना सविता धापा टाकत होती, तर कडूबाई म्हणाली, शेरातल्या बायकांना जिना लिफ्टवाला लागतो.

अंगणातलं कुत्रं सविताकडे बघून शेपूट हलवत आलं. मग तिच्या मागे बघितलं...

आणि पोट जमिनीला घासत घराखाली शिरलं. ओरडलंही नाही.

ओसरीवर पानं मांडली होती. नाचणीची भाकरी, उडदाची आमटी, ठेचा. पुंजाराम शेजारच्या घरी जेवायला गेला. स्नेहल बसली. सविता बसली. कडूबाईने सविताच्या शेजारी तिसरं ताट ठेवलं. त्यात भाकरी वाढली, आमटी वाढली, आणि आत गेली.

स्नेहलला वाटलं, बाई स्वतः बसणार असेल. स्नेहल हात धुवायला मागच्या अंगणात गेली. सविताने खाली मान घालून दोन घास खाल्ले. मान वर केली.

शेजारचं ताट रिकामं होतं.

पुसून घेतल्यासारखं.

सविताचा घास हातातच राहिला. कारण नाचणीची भाकरी तिच्या नवऱ्याच्या घशाखाली कधी उतरली नव्हती. माती खाल्ल्यासारखं वाटतं, म्हणायचे. मेल्यावर माणूस सुधारत असेल, असं तिने मनाला समजावलं.

पण मन समजलं नाही.

कडूबाई पाणी घेऊन आली. रिकाम्या ताटाकडे बघितलं. मग सविताच्या कपाळाकडे. तिथे टिकली नव्हती.

"तुमच्या मालकाला अजून वाढू का," तिने विचारलं, "का पोट भरलं त्यांचं?"

"मालक नाहीत मला," सविता म्हणाली. "वर्ष झालं."

कडूबाईने तांब्या खाली ठेवला. मग तुमच्या मागनं ओसरीवर कोण चढलं, असं तिने विचारलं नाही. तिने वेगळंच विचारलं.

"खिंडीत किती डहाळ्या ठेवल्या?"

सविताने खरं सांगितलं.

"नाव कुणाचं घेतलं?"

"घेतलं नाही. आमच्यात घेत नाहीत."

"आमच्यात तरी कुठं घेत्यात," कडूबाई म्हणाली. तिचा फटकळपणा कुठल्या कुठे गेला होता. "पर खिंडीत घ्यायचं असतं, बाई. बिननावाची डहाळी म्हंजी उघडं दार. जो दाराशी बसलाय त्यो उठून येतो. त्याला काय, कुनीबी बोलावलं तरी चालतंय."

सविताने शेजारच्या ताटाकडे बघायचं टाळलं.

"हेच कशावरून नसतील?"

कडूबाईला त्या बाईची दया आली असावी.

"आसतीलबी. जाताना खिंडीत नावानं हाक मार. तुजा मानूस आसंल तर ओ दील. नसंल तर ओ येनार न्हाई, आन जो कोन हाय त्यो तिथंच बसंल. दुसऱ्याच्या नावावर त्याला खाली येता येत न्हाई." मग तिने सविताचा हात धरला. "पर न बोलता उतरू नको. घरापतूर येईल."

उतरताना स्नेहल आणि पुंजाराम पुढे होते. सवितानेच त्यांना पुढे घातलं होतं.

मागे पावलं होती.

आता ती जवळ आली होती. तिच्या सावलीवर पडतील इतकी... आणि ऊन तर नव्हतंच.

सविताच्या मनात एकच हिशेब चालला होता. हाक मारली आणि ओ आली नाही, तर मागचं सुटेल. पण मग हेही कळेल, की ते आले नव्हते. चढावर आपण ज्याच्यासाठी थांबत आलो, ज्याच्याशी बोलत आलो, ते ते नव्हतेच. आणि हाक नाहीच मारली, तर निदान कुणीतरी घरी येईल.

असा विचार मनात आल्याची तिला लाज वाटली. पण आला.

खिंड आली. पुंजारामने नाव घेतलं, स्नेहलने घेतलं, सविताने स्वतःचं घेतलं. मग ती दगडापाशी उभीच राहिली. स्नेहल परत फिरायला लागली, तर पुंजारामने तिला हाताने थांबवलं. सविताच्या चेहऱ्यावरून त्याला काहीतरी उमगलं होतं.

सविताने पदर डोक्यावरून घेतला. नाव घ्यायचं, तर पदर हवा.

"गोरक्षनाथ," ती म्हणाली.

स्नेहलच्या हातातून बाटली पडली. आईच्या तोंडून बापाचं नाव ती पहिल्यांदा ऐकत होती.

काही नाही.

"गोरक्षनाथ... अहो... गोरक्षनाथ शेटे."

धुकं. कड्यावरून ठिबकणारं पाणी.

तिने अजून एकदा हाक मारली. जोरात, कुणी हरवल्यावर मारतात तशी. कड्यांनी ते नाव घेतलं, फिरवलं आणि खाली ठेवलं.

ओ आली नाही.

पावलंही नव्हती. सविता दोन पावलं चालून पाहून थांबली. मागे काहीच थांबलं नाही.

पुंजारामने मोठा श्वास सोडला. ऱ्हायलं बगा तिथंच, चला आता. सविता सगळा उतार रडत उतरली. स्नेहलला वाटलं, भीतीने रडतेय. भीती कसली, ती दुसऱ्यांदा विधवा झाली होती.

घरी आल्यावर ती एकच कप आधण ठेवायला लागली. स्नेहल पुण्याला नोकरीवर परत गेली. जाताना मैत्रिणींना फोनवर सांगत होती, ट्रिपचा मम्मीला खूप फायदा झाला.

दिवाळीच्या तोंडावरची गोष्ट. सकाळचे अकरा. सविता अंगणात तुळशीपाशी रांगोळी घालत होती. घरात कुणी नव्हतं. गेटवर गॅसचा टेम्पो थांबला. गॅसचं कार्ड अजून नवऱ्याच्या नावावर होतं, बदलायचं राहून गेलं होतं. टेम्पोवरचा माणूस नवीन. त्याने टाकी खाली उतरवली, कागद बघितला आणि नाव पुकारलं.

"गोरक्षनाथ शेटे?"

सविता उठायच्या आत...

घरातून, स्वयंपाकघराच्या बाजूने, कुणीतरी म्हणालं, "ओ."

शांत. घरातल्या माणसासारखं.

"साहेब घरी आहेत वाटतं," गॅसवाला म्हणाला. "मग पाठवा की त्यांना, टाकी आत न्यायला."

सविताने टाकी अंगणातच ठेवून घेतली. संध्याकाळपर्यंत ती तुळशीजवळ बसून होती. शेवटी दिवे लावायला आत जावंच लागलं. आत कुणी नव्हतं.

आवाज त्यांचा होता का, असं स्नेहलने नंतर खोदून खोदून विचारलं. सविताला सांगता येत नाही. त्यांच्यासारखा होता. पण तो माणूस सगळ्या संसारात पहिल्या हाकेला कधी ओ द्यायचा नाही. तीन-तीनदा हाका माराव्या लागत, चौथ्यांदा भांडण व्हायचं.

हा पहिल्या हाकेला बोलला होता.

नाव शिकून घेतल्यासारखा.

खिंडीत तिने त्या नावाने तीनदा हाक मारली होती. मोठ्याने, आडनावासकट. ज्याच्याकडे स्वतःचं नाव नव्हतं, त्याच्यासमोर. कडूबाईला विचारावं म्हणून तिने पुंजारामला फोन लावला, पण तो म्हणाला, वर वाडीत रेंज नसते. आणि पुंजाराम आता उंबरमाळच्या वाटेला माणसं नेत नाही. का, ते सांगत नाही.

गॅसचं कार्ड तिने आपल्या नावावर करून घेतलं. दारावरची पाटी काढली. तरी केडगावात गोरक्षनाथ शेट्यांना ओळखणारे पुष्कळ. कुणी बाहेरगावचा, काही माहीत नसलेला, गेटवरून हाक मारतोच. सविता असेल तिथून धावत बाहेर येते. हाक पुरी व्हायच्या आत.

एक गोष्ट मात्र तिने स्नेहललाही सांगितलेली नाही. ती ओ ऐकली तेव्हा तिला आधी भीती वाटली नव्हती. आधी बरं वाटलं होतं. भीती मागून आली.

म्हणून कधी कधी, गेटवर कुणी त्यांना हाक मारली...

की ती जरा उशिरा उठते.