एका नदीपुरतं

"अहो, पाय! पाय उचला — बंदर बुडालं ना माझं!"

तो दचकला, आणि घाबरलेला माणूस करतो तेच त्यानं केलं. उचललेला पाय मागे घ्यायचा सोडून पुढे टाकला. बुटाची टाच नेमकी नदीच्या मुखाशी पडली, वाळूचा बांध फुटला, आणि तीन दिवस उकिडवं बसून तिनं तळहातानं थापलेला किनारा भसकन पाण्यात गेला.

"मला वाटलं इथून वाट आहे," तो म्हणाला.

"आहे की. जहाजांची."

पलीकडे सिमेंट कालवणारे मिस्त्रीमामा थापी हातात धरून खो-खो हसत सुटले. "साहेब, आता हलू नका बरं का! तुम्ही हललात की तिकडे पूर येतोय."

तो खरंच हलला नाही. बगळ्यासारखा एका पायावर, हातातली कागदांची चवड छातीशी धरून उभा. शेवटी तिनंच पायजमा घोट्यावर दुमडला, अनवाणी पाण्यात उतरली आणि हात पुढे केला. "द्या हात. माझ्या पावलावर पाऊल ठेवून या… हं, असं."

बाहेर आल्यावर तिच्या ओल्या हाताची वाळू त्याच्या तळव्याला चिकटून राहिली. त्यानं ती पुसली नाही. तिनं ते पाहिलं — आणि पाहिलं नाही असं दाखवलं.

नद्यांची मॉडेलं बनवणं हा तिचा व्यवसाय. कुठं बंदर गाळानं भरतंय, कुठं पूल बांधायचाय, असं काही आलं की खऱ्या नदीची लहान नक्कल त्या पत्र्याच्या छपराखाली मांडायची, वरच्या टाकीतून पाणी सोडायचं, आणि कागदाचे कपटे तरंगत कुठं जातात ते बघत बसायचं. एकोणतिसावं सरत आलेलं, वागण्यात नेमस्त, बोलण्यात तिखट. सगळे तिला वाळूताई म्हणत. घरी वहिनी मात्र म्हणे, "नद्यांची लग्नं सागराशी लावता लावता स्वतःचं विसरणार ही."

आणि तो विद्यापीठातून चार महिन्यांसाठी आलेला. पाणी कसं वाहतं याची समीकरणं मांडणारा. तिच्या नदीवर त्याला ती ताडून बघायची होती. मामांनी दुसऱ्याच दिवशी त्याचं बारसं केलं — सिद्धांतराव.

"तुमच्या त्या सिद्धांतात आणि माझ्या मॉडेलात फरक काय हो?" एकदा चहा पिताना तिनं विचारलं. "सोपं करून सांगा. मी वाळूतली बाई."

तो विचारात पडला की कपाची कड बोटानं पुसायचा. "सिद्धांत सांगतो, पाणी असं का वागतं. कुठलंही पाणी. नळाचं, नदीचं… डोळ्यातलंसुद्धा."

"अरे वा. आणि मॉडेल?"

"मॉडेल एकाच नदीचं. बरंच काही सोडून देऊन, थोडं धरून ठेवून केलेलं. त्यात मासे नाहीत, नावाडी नाहीत. पण त्या एका नदीला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर मिळतं."

"म्हणजे सिद्धांताला सगळ्या नद्या ठाऊक, आणि एकीचंही नाव ठाऊक नाही."

तो हसला. केवढं अवघडून हसायचा तो… जणू हसण्याची परवानगी काढून ठेवली नव्हती. "तू हे माझ्या गुरूंसमोर बोलू नकोस हं." बोलता बोलता तो 'तू' म्हणून गेला, आणि दोघांनाही ते कळलं. ती उगाचच कपटे कापायला बसली.

पण ती नदी सरळ मापाची नव्हती. लांबी-रुंदी तीनशेपट लहान, खोली मात्र शंभरपटच. म्हणजे नदी होती त्याहून तिप्पट खोल केलेली.

"ही लबाडी झाली," तो म्हणाला होता.

"लबाडी नाही, गरज आहे. खऱ्या मापानं केली तर पाण्याचा पापुद्रा होतो, तळाला चिकटून बसतो, वाहतच नाही. म्हणून खोली वाढवायची. फक्त वाचताना लक्षात ठेवायचं… खोलीला तीननं भागायचं. नवखे विसरतात आणि घाबरतात."

अशा मापांच्या नदीत काळही निराळा चालतो. अठ्ठेचाळीस मिनिटांत तिथं अख्खा दिवस उलटे, दोन भरत्या, दोन ओहोट्या. दुपारी डबे उघडेतो पाच दिवस सरलेले असत.

"आपली ओळख किती दिवसांची?" एकदा त्यानं विचारलं.

"तीन महिने झाले असतील."

"बाहेरच्या घड्याळानं. इथल्या घड्याळानं साडेसात वर्षं."

"अगंबाई! एवढ्या वर्षांत माणसं भांडायला लागतात."

"मग भांड की."

"कशावरून भांडू? तुम्ही काही बोलतच नाही." ती गमतीत म्हणाली, पण शब्द ओठांबाहेर पडल्यावर जड झाले. छपरावरून कबुतरं उडाली. तो काहीतरी बोलणार होता — ओठ उघडले, मिटले… मग त्यानं तिच्या कपाळावरचा वाळूचा कण टोकदार पेन्सिलीनं, बोट न लावता, अलगद उडवला. बस्स. तिला त्या दिवशी जेवण गेलं नाही.

आणि मग तो दिवस आला. शेवटच्या पुराची चाचणी होती. टाकीशी उभा राहून तो मामांना ओरडून सांगत होता, "मामा, ते… ते उघडा, ते आपलं… पाणी अडवतं ते…"

"झडप!" ती खळखळून हसली. "म्हातारे झालात हो सिद्धांतराव."

त्याचा चेहरा पांढरा पडला. त्यानं कागद खाली ठेवले, बूट घातले आणि निघून गेला. तीन दिवस फिरकला नाही. चौथ्या दिवशी आला तेव्हा ती बांधावर बसून होती, शेजारी पाण्याचा एक थेंबही नव्हता.

"मी काय चुकीचं बोलले?"

"काही नाही. तू शब्द सांगितलास." तो तिच्यापासून हातभर अंतरावर बसला. "माझ्या आजोबांनी पन्नाशी ओलांडली आणि ते विसरायला लागले. आधी वस्तूंची नावं, मग माणसांची. नंतर बाबा. सहा वर्षं झाली. हे रक्तातून येतं. डॉक्टर म्हणतात, मुलांपैकी निम्म्यांना."

तिनं बांधावरच्या कोरड्या वाळूवरून तळहात फिरवला.

"हा झाला सिद्धांत. शंभर मुलं असतील तर पन्नास. पण मी शंभर नाही गं… मी एकटा आहे. मला काय होणार विचारलं की सिद्धांत तोंड मिटतो. मग मी बाबांकडे बघतो. ते माझं मॉडेल."

"तपासणी करता येत नाही?"

"येते."

"मग केली का नाही?"

"कळेल म्हणून." तो उठला. "माझ्यासाठी थांबू नकोस. पुढच्या आठवड्यात माझं इथलं काम संपतंय."

दुसरी एखादी असती तर रडली असती. ही रडली, पण घरी जाऊन, आणि सकाळी डोळे धुऊन त्याला म्हणाली, "मला तुमच्या घरी न्या. ज्या मॉडेलावर एवढा विश्वास ठेवता, ते मला बघू द्या. धंदाच आहे माझा."

त्याचे वडील शिंपी होते. खिडकीशी बसून मांडीवरच्या कापडाची घडी घालत, मोडत, पुन्हा घालत होते. तिला पाहून प्रसन्न हसले. "कोण आलंय?"

"पाहुणी आहे, बाबा."

"बस, बस. कोण आलंय?"

चारदा विचारून झालं. चारदा तिनं हसून नमस्कार केला. मग ते उठले, गळ्यातली टेप काढली आणि तिच्या खांद्याला लावली. "साडेचौदा," पुटपुटले. "उजवा खांदा जरा उतरता. वाकून काम करतेस?"

"हो," ती म्हणाली. नावं गेली होती, मापं राहिली होती.

स्वयंपाकघरात त्याच्या आईनं तिच्या हातात पाण्याचा पेला दिला. बारीक अंगाच्या, तुरुतुरु चालणाऱ्या बाई. "घाबरलीस?"

"थोडी."

"मीही घाबरते. सकाळी मला विचारतात, बाई, तुमचे यजमान कुठं असतात? मी म्हणते, येतीलच एवढ्यात." त्या हसल्या, पदरानं डोळे टिपले. "तुला ये म्हणणार नाही, पोरी, आणि येऊ नकोसही म्हणणार नाही. पण एक सांगते. अडतीस वर्षांचा संसार माझा. त्यातली सहा अशी. येणारा-जाणारा त्या सहांचीच चौकशी करतो. उरलेल्या बत्तिसांबद्दल कुणी विचारतच नाही… माझा मुलगासुद्धा."

परतताना रस्त्याच्या वळणावर ती थांबली. "तुमचं मॉडेल पाहिलं."

"मग?"

"चुकीचं नाही. तुम्ही वाचताय चुकीचं. भीतीनं खोली वाढवून ठेवलीय, आणि भागायचं विसरलात. एवढे शिकलेले तुम्ही, नवख्यासारखे!"

"आणि भागून काय उरतं?"

"दुःखच उरतं. नाही कोण म्हणतंय? पण त्यात पाय टेकतात."

दुसऱ्या दिवशी जाऊन त्यानं तपासणीसाठी रक्त दिलं.

पाच आठवड्यांनी दवाखान्यातून निरोप आला. निकाल टपालानं देत नाहीत, समक्ष या. आणि सोबत कुणाला तरी घेऊन या.

"गुरुवारी मोकळी आहेस?" त्यानं विचारलं. नजर जमिनीवर.

"गुरुवारी मॉडेल पाडायचंय. नवीन नदी येतेय त्या जागेवर."

"मग राहू दे…"

"मामा पाडतील. त्यांना पाडायला फार आवडतं."

दवाखान्याच्या बाकावर दोघं शेजारी बसले. भिंत फिकट हिरवी, समोर दार. त्याचे हात गुडघ्यांवर, बोटं एकमेकांत अडकलेली.

"एक सांगू?" ती हळूच म्हणाली. "मला काही विचारायचं असेल तर आत जायच्या आधी विचारा. बाहेर आल्यावर विचारलंत तर मी उत्तर देणार नाही."

"हे काय भलतंच! उलट आधी कळू दे. निकाल चांगला आला तर मी…"

"चांगला आला तर विचारणार, वाईट आला तर नाही. म्हणजे तुम्ही मला नाही, निकालाला विचारताय."

"तुझ्याच भल्यासाठी."

"माझं भलं मी बघते. त्यासाठी सिद्धांत लागत नाही मला. सगळ्या बायकांनी काय करावं हे मी सांगत नाहीये. या एकीपुरतं सांगतेय."

तो बोलायला वळला — आणि नाव पुकारलं गेलं. तिनं मनातल्या मनात हात जोडले. देवाकडे निकाल नाही मागितला तिनं. एवढंच मागितलं, की याला धीर दे.

आत डॉक्टरबाईंनी चष्मा वर केला. टेबलावर एक पातळ फाईल, मिटलेली. "आपण यांच्या कोण?"

ती उत्तर देऊ शकली असती. मैत्रीण, सहकारी, काहीही. पण तिनं ओठ घट्ट मिटले. हे उत्तर तिचं नव्हतंच.

पंखा गरगरत होता.

"थांबा, डॉक्टर," तो म्हणाला. आवाज चिरकलेला. "एक मिनिट… आधी मला हिला विचारायचंय." तो खुर्चीतच वळला. कपाळावर घाम, आणि डोळे मात्र पहिल्यांदाच सरळ तिच्या डोळ्यांत. "लग्न करशील माझ्याशी? मी कोण होणार ते मला ठाऊक नाही. आत्ता जो आहे, तो विचारतोय."

"हो," ती म्हणाली.

डॉक्टरबाईंनी मान खाली घातली. तिनं ते पाहिलं. फाईलमध्ये काय आहे ते फाईल उघडण्याआधी तिला कळलं, आणि तरी तिनं टेबलाखाली त्याचा हात धरला तो घट्ट. मग त्या बाई अगदी हळू, एकेक शब्द ठेवावा तसं बोलल्या. दोष रक्तात आहे. कधी सुरू होईल सांगता येत नाही. बहुधा वडिलांच्याच वयाला. तोवर बरीच वर्षं आहेत.

दोघं बाहेर आले. ऊन लख्ख पडलं होतं, फळांच्या गाडीवर गिऱ्हाईकं घासाघीस करत होती, जगाचं सगळं जिथल्या तिथं होतं.

"तू 'हो' म्हणालीस तेव्हा तुला माहीत नव्हतं," तो म्हणाला. "तू परत घेतलंस तरी मी…"

"दिलेला शब्द आहे, उसनी वाटी नाही परत घ्यायला." तिनं पदर खांद्यावर नीट केला. "आई दाराशी उभ्या असतील. त्यांना आधी लग्नाचं सांगायचं. त्यांना हसू दे, तोंड गोड करू दे. दुसरं मग सांगू. ते मी सांगेन."

त्यानं काहीतरी म्हणायचा प्रयत्न केला. ओठ थरथरले… शब्द आलाच नाही. या वेळी तिनं तो सुचवला नाही.

"रडून घे," ती म्हणाली. एकेरी. दोघांच्याही ते ध्यानात आलं नाही.

माणसं येत होती, जात होती. ती त्याच्या आणि रस्त्याच्या मध्ये, पाठ रस्त्याकडे करून उभी राहिली, आणि तिच्या साडेचौदा इंची खांद्यावर कपाळ टेकून तो रडला.