क्यू-सात-झेड नावाची फाईल

ही घटना खरी आहे. पटली नाही तर सोडून द्या, पण सारिकाताईंसमोर हसू नका. त्या माझ्या शेजारीण, वराळ्यात राहतात.

मागच्या श्रावणात त्या खंडाळ्याला, दरीच्या कडेच्या एका बंगल्यात राखणीला होत्या. एकट्याच. मालक फक्त शनिवार-रविवारी यायचे. नवरा उमेश वारल्यापासून बोलायला कुणी नव्हतं, म्हणून त्या स्वतःशीच बोलायच्या.

त्या संध्याकाळी दाट धुकं होतं. मोबाईलवर एक आवाजाची फाईल दिसली.

नाव होतं… क्यू-सात-झेड-शून्य-क्यू.

कुणी पाठवलेली नव्हती.

लोणावळ्याला चिक्कीच्या दुकानात काम करणाऱ्या भाच्याला, संदेशला त्यांनी फोन लावला.

"मावशी, उघडू नको. नेटवर असल्या कोडच्या फायलींच्या लय गोष्टी हायेत. ज्यानं ऐकली, त्यो…"

"त्यो काय?"

"काय न्हाई. पुसून टाक."

त्यांनी पुसली.

चहाचं आधण ठेवून वळल्या, तर… फाईल परत तिथंच.

आता मात्र राहवेना. त्यांनी ती लावली.

आधी नुसती शांतता. मग बांगड्या वाजल्या. कपबशीचा आवाज. आणि त्यांचा स्वतःचाच आवाज, त्याच दिवशी सकाळचा…

"चहा टाकू का?"

सकाळी त्या असंच, हवेत बोलल्या होत्या.

मग फोनच्या अगदी जवळून कुणीतरी म्हणालं…

"टाक. दोघांचा टाक."

आवाज पुरुषाचा होता.

उमेशचा नव्हता.

सारिकाताई गॅस तसाच ठेवून, मोबाईल मुठीत धरून, अनवाणी, गेटबाहेर पळाल्या. मिळेल त्या रिक्षानं लोणावळ्याला पोचल्या. संदेशनं मोबाईल तपासला. फाईल नव्हती.

बंगल्याचं काम त्यांनी सोडलं. वराळ्याला खोली घेतली, कंपनीच्या कँटीनमध्ये लागल्या. वाटलं, मिटलं.

गेल्या आठवड्यात मी त्यांच्याकडे गेलो, तेव्हा त्यांनी गुपचूप मोबाईल पुढे केला.

नवी फाईल. नाव वेगळं, तसंच निरर्थक.

"ऐकलीत?"

"न्हाई."

"मग पुसून टाका ना, ताई."

त्यांनी मोबाईल माझ्या हातातून काढून घेतला. पदरानं काच पुसली.

"भाऊ, इथं दुसरं कोण बोलतंय माझ्याशी?"

मी निघालो. जिन्यापर्यंत आलो, तोच मागे दाराची कडी लागली…

आणि आत कुणाशी तरी बोलणं सुरू झालं.